माकडहाडाला हिंदीत काय म्हणतात

शेजारच्या हंसाबेनशी इथून पुढे मराठीतच बोलायचं, असं ईश्वर वायंगणकरांनी ठरवलं तेव्हा ते उताणे पडलेले होते. उताण्या माणसाने खरं तर मोठे निर्णय घेऊ नयेत. पण ईश्वरराव कित्येक दिवस उताणेच होते, आणि निर्णय घेणं सोडलं तर त्यांना स्वतःचं स्वतः करता येईल असं दुसरं काही उरलं नव्हतं.

पडण्याची हकीकत अगदी छोटी आहे. हाटकेशमधल्या त्यांच्या फ्लॅटच्या बाल्कनीत कबुतरं येत. जाळी लावायला माणूस बोलवू या, असं त्यांची बायको संपदा बरेच दिवस म्हणत होती. 'एवढ्याशा कामाला माणूस कशाला?' असं ईश्वरराव आयुष्यात जेव्हा जेव्हा म्हणाले, तेव्हा तेव्हा माणूस बोलवावाच लागला होता, फक्त नंतर. या वेळी हाडांचा डॉक्टर लागला. प्लास्टिकचं स्टूल एका बाजूला गेलं, ईश्वरराव दुसऱ्या बाजूला गेले आणि बाल्कनीच्या उंबऱ्यावर धाडकन बसले. आवाजाने कबुतरं उडाली. रिक्षा यायच्या आत ती परतही आली.

डॉक्टरांनी एक्स-रे उजेडासमोर धरला. मणक्याचा अगदी खालचा भाग, माकडहाडाजवळचा, मोडला होता आणि कमरेच्या हाडालाही चिरा गेल्या होत्या. ऑपरेशन टळलं हे नशीब. पण पुढचा एक्स-रे होईपर्यंत बसायचं नाही, उभं राहायचं नाही, आपणहून वळायचंसुद्धा नाही. कूस बदलायची ती दोघांनी मिळून, एकाने खांदे आणि दुसऱ्याने कंबर धरून, ओंडका वळवावा तशी. मध्येच पीळ पडून हाड सरकलं तर मग प्लेटा, स्क्रू आणि सगळं पहिल्यापासून.

झालं, पलंग हॉलमध्ये आला. खांदे संपदाने धरायचे आणि कंबर शेवंतीने, असं ठरलं. शेवंती मुर्धा गावाहून कामाला यायची. आयुष्यभर मासळीच्या टोपल्या उचललेल्या बाईला ईश्वररावांची कंबर म्हणजे काहीच नव्हतं. (तसं ती म्हणालीसुद्धा, आणि ईश्वररावांना ते उगीचच लागलं.) बाकी सगळं संपदाकडे. औषधं, जेवण, अंग पुसणं, आणि ज्याला घरात नुसतं 'भांडं' म्हणत ते. तिने ऑफिसातून रजा घेतली होती. ती तक्रार करत नव्हती. लग्नाला इतकी वर्षं झाल्यावर हे लक्षण चांगलं नाही, एवढं ईश्वररावांना कळत होतं.

पण त्यांचं खरं दुखणं वेगळंच होतं. त्यांना भेटायला माणसं यायची. सकाळी यायची, दुपारी यायची, आणि येऊन नेमकी पलंगाच्या काठावर बसायची. गादी खचली की ईश्वररावांच्या कमरेत कळ जाई, आणि ती कळ तोंडावर दिसली की पाहुणे म्हणत, "फारच दुखतंय वाटतं," आणि जवळ सरकत. प्रत्येकाचा एक मामा असाच पडलेला होता. कुणाचा मामा महिन्यात धावायला लागला होता, कुणाचा अजून आडवाच होता. ईश्वररावांना त्या सगळ्या मामांचा वीट आला होता. दुपारी तासभर कुणी येऊ नये, एवढीच त्यांची मागणी होती, पण ती मांडणार कुणापुढे?

अशा वेळी हंसाबेन आल्या. त्या महिनाभर लेकीकडे भावनगरला होत्या, त्यामुळे त्यांना काहीच माहीत नव्हतं. हातात सुखडीच्या वड्यांची डिश घेऊन त्या दारात उभ्या राहिल्या आणि पलंग पाहून चपापल्या. संपदा आंघोळीला गेली होती.

"ईश्वरभाई, ये क्या हो गया?"

ईश्वरराव हिंदीत उत्तर द्यायला गेले आणि अडकले. माकडहाडाला हिंदीत काय म्हणतात? डोक्यात एकच शब्द आला, तो म्हणजे दुम. आता शेजारच्या सभ्य बाईला, तीही सुखडी घेऊन आलेली असताना, 'माझी शेपटी मोडली' असं कसं सांगायचं? तेवढ्यात त्यांना सुचलं की आपण मराठी माणूस आहोत. आपणच मराठी बोललो नाही, तर समोरचा शिकणार कसा? तो ऐतिहासिक निर्णय झाला तो इथे.

"माकडहाड," ते गंभीरपणे म्हणाले.

"मांकड?" हंसाबेनचे डोळे मोठे झाले.

"माकड. हाड."

"हाड तक पहोंच गया?"

"हाडच. आणखी काय राहिलंय?"

"पलंग मां?"

"आता पलंगावरच. झोपलं तरी त्रास, कूस बदलली तर जास्त. सहन होत नाही हो."

हंसाबेननी डिश चपलांच्या कपाटावर ठेवली, पदर सावरला आणि त्या उलट पावली निघून गेल्या. केवढी हळवी बाई, असं ईश्वररावांना वाटलं. संपदा बाहेर आल्यावर त्यांनी तिला अभिमानाने सांगितलं की हंसाबेनना मराठी व्यवस्थित समजतं, आपणच उगीच इतकी वर्षं हिंदीत बोलत होतो.

त्या दिवशी दुपारी कुणी आलं नाही, संध्याकाळीही नाही. दुसऱ्या दिवशी दूधवाल्याने पिशवी जिन्याच्या कठड्याला अडकवली आणि लांबूनच हाक मारून तो पसार झाला. संपदा म्हणाली की लिफ्टमध्ये तिला पाहून खालच्या मजल्यावरच्या बाई जिन्याने गेल्या. ईश्वरराव तिचं ऐकत नव्हते. दुपारी ते सलग झोपले होते, आणि जागे झाले तेव्हा त्यांना जग बरं वाटत होतं.

उलगडा झाला मोबाइलवर. सोसायटीच्या ग्रुपवर सेक्रेटरी नीलेशभाईंनी लिहिलं होतं की वायंगणकर अंकल हॉस्पिटलमधून येताना पलंगभर खटमल घेऊन आले आहेत, तरी सर्वांनी आपापल्या गाद्या गच्चीवर उन्हात टाकाव्यात आणि तूर्त त्यांच्याकडे जाणं टाळावं. खाली हात जोडल्याची चित्रं होती. ईश्वरराव मेसेज वाचतच राहिले. खटमल म्हणजे ढेकूण. आणि ढेकणाला गुजरातीत म्हणतात मांकड. हंसाबेननी 'पलंग मां' असं का विचारलं, ते त्यांच्या आत्ता ध्यानात आलं.

त्यांनी ताबडतोब उत्तर लिहायला घेतलं. 'गैरसमज झाला आहे' इथपर्यंत लिहिलं. मग ते थांबले. घर शांत होतं. बेल वाजत नव्हती. पलंगाच्या काठावर कुणी नव्हतं, कुणाचा मामा नव्हता. त्यांनी लिहिलेलं पुसून टाकलं आणि ठरवलं, उद्या सांगू. (संपदाने आपल्या मोबाइलवर तो ग्रुप केव्हाच बंद करून ठेवला होता. तिला कामं होती.)

दुसऱ्या दिवशी सकाळी शेवंतीचा फोन आला. तिला खोटं बोलता येत नव्हतं आणि खरं बोलायची लाज वाटत होती. "ताई, मी इतक्यात येनार न्हाय. माज्या घरान बारकी पोरं हायत," एवढंच तिने सांगितलं. पोरं तर पहिल्यापासूनच आहेत, मग आज काय झालं, हे संपदाला कळेना. ईश्वररावांना कळलं होतं. तोंड उघडण्याची वेळ हीच होती, आणि ते म्हणाले, "येईल गं उद्यापर्यंत."

शेवंती आली नाही. कूस बदलणं तर थांबवता येत नव्हतं. संपदा मग एकटीच त्यांच्या खाली चादर सारायची, दोन्ही टोकं मुठीत धरायची आणि दातावर दात ठेवून ओढायची, खांदे आणि कंबर एकदमच वळतील अशा बेताने. हाड सरकू नये म्हणून ती श्वास धरायची. ओंडका वळला की ती भिंतीला टेकून उभी राहायची, एक हात कमरेवर. ईश्वररावांना हे सगळं दिसत होतं. त्यांना लाज वाटत होती, खरोखरीची, जेवण नकोसं करणारी लाज. रोज रात्री ते ठरवायचे की सकाळी सांगून टाकू. मग ती सुंदर दुपार यायची आणि त्यांना झोप लागायची.

एकदा सकाळी संपदाने चादर ओढली, ईश्वरराव अर्धे वळले आणि ती तशीच थांबली. कमरेत उसण भरली होती. तिला पुढे वाकता येईना, मागे होता येईना, हातातली चादर सोडता येईना. सोडली असती तर ईश्वरराव पिळासकट मागे पडले असते. तिचं तोंड त्यांच्या तोंडापासून वीतभरावर होतं. नवरा-बायको इतके जवळ बऱ्याच वर्षांत आले नव्हते, आणि दोघांनाही त्याचं सुख नव्हतं.

"अहो," ती दबक्या आवाजात म्हणाली, "कुणाला तरी बोलवा. माझे हात सुटतायत."

ईश्वरराव ओरडले. दार नुसतं लोटलेलं असे, त्यामुळे मजल्यावरची सगळी माणसं लगेच गोळा झाली. दार उघडलं आणि सगळी उंबऱ्याबाहेरच थांबली. पुढे नीलेशभाई आणि नाकाला पदर लावलेल्या हंसाबेन.

"आत या ना कुणीतरी," संपदा म्हणाली.

कुणी हललं नाही. नीलेशभाईंनी घसा खाकरून सांगितलं की पेस्ट कंट्रोलवाला परवा येतोय, तोपर्यंत आंटीने जरा सांभाळून घ्यावं.

"कसला पेस्ट कंट्रोल?"

"मांकड के वास्ते, संपदाबेन," हंसाबेन पदराआडून म्हणाल्या. "ईश्वरभाई ने खुद बोला ने."

संपदाला मान वळवता येत नव्हती, म्हणून तिने फक्त डोळे वळवले. ईश्वररावांनी त्या डोळ्यांकडे बघायचं टाळलं.

"मांकड नाही हो, माकडहाड," ते म्हणाले.

"वो ही तो."

चादरीचं एक टोक संपदाच्या मुठीतून निसटायला लागलं होतं. ईश्वररावांच्या कमरेत खोल कुठेतरी काहीतरी ताणलं जाऊ लागलं. प्लेटा आणि स्क्रू ईश्वररावांच्या डोळ्यांसमोर आले. पण त्याहीपेक्षा संपदाच्या कपाळावरचा घाम त्यांना दिसला, आणि त्यांनी आयुष्यात जपलेली सगळी प्रतिष्ठा सोडून दिली.

"मेरी दुम टूटी है!" ते ओरडले. "खटमल नहीं है, कभी नहीं था! दुम टूटी है मेरी, दुम!"

वरच्या मजल्यावरचा कुकरसुद्धा त्या क्षणी शिट्टी द्यायचा थांबला, असं ईश्वररावांना वाटलं. मग कुणीतरी हसलं. पण हंसाबेन हसल्या नाहीत. नाकावरचा पदर कमरेला खोचून त्या आत आल्या, त्यांनी ईश्वररावांच्या कमरेखाली हात घातले, नीलेशभाईंनी खांदे धरले, आणि ओंडका सरळ झाला. दोघांनी मग संपदाला हळूहळू उभी केली. 'तो हम को हिंदी में बोलने का ने, ईश्वरभाई,' असं हंसाबेन दोन-तीनदा म्हणाल्या, आणि त्यात काही चूक नव्हती.

सगळं इथे मिटलं असतं. पण नीलेशभाई प्रामाणिक माणूस. सगळ्या सोसायटीला घाबरवल्याचा ठपका आपल्यावर येतोय, असं त्यांना वाटलं असावं.

"अंकल, मैंने तो ग्रुप पे डाला था," ते मोबाइल पुढे करत म्हणाले. "आपने पढ़ा भी था. देखो, पढ़ने वालों में उसी दिन आपका नाम आया है. आपने कुछ बोला नहीं, तो मैं समझा बात सच्ची है."

संपदा भिंतीला धरून उभी होती.

"तुम्हाला माहीत होतं," ती म्हणाली.

ईश्वररावांनी मोबाइलवरचं आपलं नाव पुन्हा एकदा वाचलं. 

हाड सरकलं नव्हतं, हे नंतरच्या एक्स-रेने सांगितलं. संपदाला डॉक्टरांनी पडून राहायला सांगितलं, आणि ती बेडरूममध्ये जाऊन पडली. शेवंती त्याच दुपारी धापा टाकत आली. "दादा, येक फोन करायचा व्हता," एवढंच ती म्हणाली आणि नेहमीपेक्षा जरा जोरात कंबर धरून त्यांना वळवलं.

संध्याकाळी सगळी सोसायटी आली. इतके दिवस आलो नाही, याची प्रत्येकाला टोचणी लागली होती, त्यामुळे जो तो बराच वेळ बसायच्या तयारीने आला होता. आधी सगळे बेडरूमच्या दाराशी जमले. आतून संपदाचा आवाज आला. तो थकलेला होता, पण स्पष्ट होता.

"हंसाबेन, मुझे सोना है. जिसको भी बैठना है, बाहर इनके पास बैठो. इनको अकेलापन बहुत खाता है, बोलते नहीं बिचारे."

मग शेवंतीने दार ओढून घेतलं, आणि थोड्याच वेळात आतून घोरण्याचा आवाज यायला लागला. इतक्या दिवसांत संपदा पहिल्यांदाच अशी झोपली होती. ईश्वररावांना मनापासून बरं वाटलं. तिला उठवायचं नाही, काही झालं तरी हाक मारायची नाही, असं त्यांनी ठरवलं.

एवढ्यात सगळा घोळका पलंगाकडे वळला. कुणी पायाशी टेकलं, कुणी उशाशी, आणि सेक्रेटरी नीलेशभाईंना आपल्या एका मामाची आठवण झाली. गादी चारी बाजूंनी खचली. ईश्वररावांनी ओठ घट्ट मिटून घेतले.

"ईश्वरभाई," हंसाबेन मायेने म्हणाल्या, "थोडा सरको ने. मेरे को भी बैठने का है."