लहान आतडं कसं ओळखावं

माणसाची थोरवी त्याच्या हृदयावरून मोजण्याची पद्धत असली, तरी माणूस जगतो तो लहान आतड्याच्या जिवावर. या आतड्याचं अस्तर मायक्रोस्कोपखाली पाहिलं, तर त्यावर बोटांसारखे बारीक उंचवटे दाटीवाटीनं उभे दिसतात. खाल्लेलं अन्न शोषून रक्तात पोचवणं हे त्यांचं काम, आणि त्यांच्यामध्ये अधूनमधून चिकट स्राव सोडणाऱ्या पेशी बसलेल्या असतात (असं पुस्तकात आहे). वैद्यकीय महाविद्यालयात हा विषय मी शिकवतो. मायक्रोस्कोपात न बघता शिकवतो, हे माझ्या पद्धतीचं वैशिष्ट्य.

त्याचं असं आहे. परीक्षेच्या हॉलमध्ये मायक्रोस्कोप ओळीनं मांडलेले असतात आणि प्रत्येकाखाली एक काचपट्टी असते. जिभेच्या पट्टीला तडा गेलाय, यकृताच्या पट्टीवरचं लेबल फाटलंय, आणि लहान आतड्याच्या पट्टीत वरच्या कोपऱ्यात हवेचा एक बुडबुडा अडकलाय. विद्यार्थी येतो, बुडबुडा बघतो, ‘लहान आतडं’ असं लिहितो आणि चहाला जातो. निकाल शंभर टक्के. मध्यंतरी कुणा अतिशहाण्यानं बुडबुडा नसलेली नवी कोरी पट्टी आणली, तर अख्खा वर्ग नापास! विभागानं तातडीची बैठक घेऊन नवी पट्टी सदोष ठरवली आणि जुनी सन्मानानं परत बसवली. उगाच नव्याचा सोस नको.

या पद्धतीचं चीज केलं ते माझ्या सुवर्णपदकवाल्यानं. (सगळे त्याला याच नावानं हाक मारतात, तोही ओ देतो.) आता त्याचा स्वतःचा दवाखाना आहे. नळी घालून आतड्याचा तुकडा काढण्यापासून तो तपासण्यापर्यंत सगळं एका छताखाली, आणि त्या छताखालच्या भिंतीवर पदक.

आमचा साडू पावाच्या कारखान्यात भट्टीवर कामाला. भट्टीवरच्या माणसाला पाव फुकट, म्हणून तिन्ही त्रिकाळ पाव. तरी माणूस वाळत चालला. पोट नगाऱ्यासारखं, हातापायांच्या काड्या, आणि संडासच्या फेऱ्या वेगळ्याच. मेहुणी रडकुंडीला आली. “भावोजी, हे खातात दोन माणसांचं, मग जातं कुठं सगळं?” मी त्याला उचलून सुवर्णपदकवाल्याकडे नेलं.

त्यानं तुकडा काढला, पट्टी केली, पाहिली. कोपऱ्यात बुडबुडा नाही. अहवाल: ‘हे लहान आतडं नव्हे. नमुना पुन्हा द्यावा.’ साडूनं पुन्हा नळी गिळली. पुन्हा तोच अहवाल. तिसऱ्या खेपेला पट्टीवर काच बसवताना कुणाचा तरी हात हलला, हवा शिरली, आणि अहवाल आला: ‘लहान आतडं. नमुनेदार. रुग्णानं पौष्टिक खावं, पाव वाढवावा.’

मेहुणीनं पाव वाढवला. साडू आणखी वाळला.

“तुम्ही स्वतः एकदा बघा ना हो,” ती मला म्हणाली. “तुम्हीच शिकवलंत ना त्यांना? मला भीती वाटते, हे हातचे जातील.” तिचे डोळे भरून आले. मलाही गलबलून आलं, म्हणून तत्त्व बाजूला ठेवून मी मायक्रोस्कोपाला डोळा लावला. बोटं नव्हती. औषधालासुद्धा एक नाही. अस्तर इस्त्री केल्यासारखं सपाट.

पुस्तकात शेवटी बारीक टायपात एक परिच्छेद आहे. काहींच्या आतड्याला गहू सोसत नाही. ही बोटं झिजून जातात आणि अन्न अंगी न लागता तसंच पुढे सरकतं. गहू बंद केला की बोटं पुन्हा उगवतात. हा परिच्छेद परीक्षेला येत नाही, म्हणून मी तो शिकवत नाही. तेव्हा सुवर्णपदकवाल्याची यात काही चूक नाही, आणि विद्यार्थ्याची चूक नसेल तर शिक्षकाची कुठून येणार? “काळजीचं कारण नाही,” मी मेहुणीला म्हटलं. “अगदी नीटनेटकं, सपाट आतडं आहे.”

पुढे साडूला भट्टीसमोर उभं राहवेना. एकदा चक्कर येऊन पडला, तेव्हा मालकानं त्याला घरी बसवलं. फुकटचा पाव बंद झाला, आणि घरात नुसत्या भातावर दिवस काढायची वेळ आली. आणि काय आश्चर्य! दोन महिन्यांत गडी बाळसं धरू लागला. मेहुणी सुवर्णपदकवाल्यासमोर हात जोडून उभी राहिली. “देवासारखे धावून आलात,” म्हणाली. त्यानं साडूचं वजन केलं, पाठ थोपटली आणि लेखी सल्ला दिला: प्रकृती उत्तम, कामावर रुजू व्हावं, पाव सोडू नये.

साडू सोमवारपासून भट्टीवर जातोय. पोट पुन्हा फुगायला लागलंय, असा काल मेहुणीचा फोन होता. मी म्हटलं, अगं, सुखाचं पोट आहे ते.

तुम्हाला साडूची कीव येत असेल आणि माझा रागही. जरूर यावा. तुमचे डॉक्टर असे नाहीत, हे मीही मान्य करतो. तुम्ही काही कुणाच्याही हाती जीव देणाऱ्यांतले नाही. मागच्या खेपेला गेलात तेव्हा त्यांचं ज्ञान नीट पारखूनच गेलात. बाहेर बसायला जागा नव्हती, त्यावरूनच पारखलंत ना?