मिस्त्रींचे पक्के स्कोन

"त्यात काय एवढं? मैदा, लोणी, दूध! अगं, मी सिमेंट-वाळूतून मजल्यावर मजले चढवलेत. माझ्यापुढे स्कोन म्हणजे काय चीज आहे!" असं म्हणून मिस्त्रींनी बाह्या सरसावल्या.

बायकोनं ओव्हनमधल्या कढया बाहेर काढल्या. मागच्या भेटीत लेकीच्या सासूबाई ठसक्यात म्हणाल्या होत्या, "आमच्या चहाबरोबर बाहेरचा तुकडाही नसतो हो!" आणि ही फणकाऱ्यानं बोलून गेली होती, "आमच्याकडेही सगळं घरचंच असतं!" वास्तविक घरातला ओव्हन आजवर कढया ठेवण्यापुरताच उघडला गेला होता. आज विहीणबाई आणि व्याही चहाला येणार होते आणि दिलेला शब्द राखायला स्कोन, म्हणजे ते चहाबरोबरचे खुसखुशीत गोल पाव, घरीच करायचे होते.

"अहो, हलक्या हातानं कालवायचं असतं म्हणे."

"हलक्या हातानं? हलक्या हातानं केलेलं काम कधी टिकलंय का?"

मिस्त्रींनी मैदा दोनदा चाळला, मधोमध खड्डा करून दूध ओतलं आणि माल असा कालवला की ओटा हलायला लागला. लोणी त्यात कुठे गेलं ते लोण्यालाच ठाऊक! मग घासूनपुसून घेतलेल्या थापीनं थर सपाट केला, लेव्हल लावून पाहिली आणि पेल्यानं गोल कापले. अर्धवट भाजल्यावर ट्रे बाहेर काढून त्यावर चांगलं पाणी मारलं, कारण पाणी मारल्याशिवाय कुठलंही काम पक्कं होत नाही. मग ट्रे पुन्हा आत ढकलला.

शेवटी त्यांनी एक स्कोन दुसऱ्यावर आपटून पाहिला. टण्ण!

"आवाज ऐकलास? आणि एकालाही तडा नाही!" छाती फुगवून मिस्त्री आंघोळीला गेले.

बायकोनं एक स्कोन दाताखाली धरला आणि तिच्या डोळ्यांसमोर काजवे चमकले. तिनं सगळा माल डब्यात भरून ओट्याखाली लोटला, पिशवी उचलली आणि ती चौकातल्या बेकरीकडे पळत सुटली.

पाहुणे आले. चहा आला. बशीतला स्कोन तोंडात घालून विहीणबाईंनी डोळे मिटले.

"वा! घरचेच ना?"

"म्हणजे काय! यांनी स्वतः केलेत," बायको म्हणाली.

"काय हात आहे तुमचा! अगदी तोंडात विरघळतो हो!"

इथवर मिस्त्री खुशीत होते. पण 'विरघळतो' म्हटल्यावर त्यांचा चेहरा पडला. आपलं काम विरघळतं? त्यांनी बशीतला एक उचलून चिमटीत दाबला. भुगा!

"हे माझं काम नाही!" मिस्त्री कडाडले.

"अहो, चहा घ्या ना," बायको डोळे वटारत म्हणाली.

"चहा गेला खड्ड्यात! असलं कच्चं काम माझ्या नावावर खपवता?" ते तरातरा आत गेले, डबा हुडकून बाहेर आले आणि त्यांनी तो बशीत उपडा केला. बशीचे दोन तुकडे झाले. "हे बघा माझे! घ्या व्याहीबुवा!"

व्याही पडले भिडस्त. त्यांनी निमूटपणे एक घेतला आणि दाढेखाली धरला.

बायकोला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. "विहीणबाई, खरं सांगते," ती रडवेल्या आवाजात म्हणाली, "ते मघाचे बेकरीतले आहेत."

विहीणबाईंनी खुर्ची पुढे ओढली.

"चौकातल्या ना? पहिल्या घासालाच ओळखले मी. इतकी वर्षं मीही तिथूनच आणतेय! फक्त घरी नेल्यावर बेकरीचा कागद आधी जाळून टाकते."

दोघी विहिणी एकमेकींकडे बघतच राहिल्या. मग अशा काही हसत सुटल्या की त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. हसता हसता त्यांनी बेकरीचे उरलेले स्कोनही संपवून टाकले. मिस्त्रींच्या बाकीच्या स्कोनना कुणी हात लावला नाही. पण मिस्त्रींची मान काही खाली गेली नाही, उलट आणखी ताठ झाली.

"म्हणजे दोन्ही घरांत मिळून घरचं करून घालणारा मी एकटाच तर! काय व्याहीबुवा?"

व्याह्यांनी जोरजोरात मान डोलावली. बोलायला त्यांचे दात अजून मोकळे झाले नव्हते.