कच्चे टाके

किनाऱ्यावर साधी एकटी चप्पल सापडली, तरी ती उचलण्याआधी आमचे शेजारी नाना सुर्वे समुद्राकडे तोंड करून ओरडतात, "कोणाची रे ही?" मग उत्तराची वाट बघत उभे राहतात. मी सोबत असलो की खाली वाळूत बघतो. पांढरा समुद्र म्हणतात त्या या किनाऱ्यावर सकाळी फिरायला माझ्या बँकेतलेही येतात.

उत्तर येत नाही. नाना वस्तू पिशवीत टाकतात. "येईल मालक."

त्या पिशवीतून त्यांच्या अंगणात माणसं तयार होतात. जाळं तरंगत ठेवणाऱ्या बोयाचं डोकं, फाटक्या जाळ्याचे केस, दोरखंडाचे हात आणि अंगावर लाटांनी आणून टाकलेले सदरे, साड्या, ओढण्या. खारं वारं सुटलं की सगळी एकदम श्वास घेतल्यासारखी हलतात. कुंपणाशी उभं राहून बघताना मला कितीदा कामावर जायचंही भान राहत नाही.

गंमत अशी, की नाना सगळं कच्च्या टाक्यांनी शिवतात. त्यामुळे हात वरचेवर गळतात. एकदा तर पोस्टमनच्या अंगावर अख्खा म्हातारा कोसळला.

"नाना, पक्कं शिवा की हो!"

"आणि मालक आला म्हणजे? त्याला ताटकळत ठेवू?"

गेल्या महिन्यात सावर्ड्याहून एक कलाशिक्षक आले. पाय दुमडून बसलेली एक बाई त्यांना फार आवडली. मुंबईच्या प्रदर्शनाला नेतो म्हणाले, पण शिवण पक्की हवी. मीच नानांच्या मागे लागलो. "एकदा तरी लोकांना बघू दे, नाना." शेवटी त्यांनी नायलॉनचा दोरा ओवला. बाई ताठ बसली. नाना मात्र तिच्याकडे बघेनात.

टेंपो आला त्या सकाळी, गर्दी बघून मिरकरवाड्यातली हसीनाभाभी आत शिरली. तिचा नवरा ट्रॉलर बुडून गेला, तो सापडलाच नाही. बाईच्या छातीवरच्या चौकड्यांच्या लुंगीकडे ती बघत राहिली. मग विडीने पडलेल्या भोकात तिने बोट घातलं.

"नाना, ही आमच्या घरातली."

नानांनी आतून कात्री आणली.

"अहो, टेंपो उभा आहे!" मी म्हणालो.

"असू दे रे."

नायलॉन चिवट. उसवता उसवता ऊन अंगणभर आलं. शिक्षकांनी टेंपोवाल्याला इंजिन बंद करायला सांगितलं. लुंगी सुटली तशी बाई हळूहळू जमिनीवर मिटत गेली. नानांनी लुंगी झटकली, घडी घातली आणि दोन्ही हातांनी पुढे केली.

"माफ कर गो. पक्की शिवली होती."

भाभीने ती छातीशी धरली. फाटकापर्यंत गेली, वळली. "नाना, तुमचा काय गेलाय?"

इतक्या वर्षांच्या शेजारात हे मी त्यांना कधी विचारलं नव्हतं.

नाना खाली पडलेले दोऱ्याचे तुकडे वेचत होते.

"धाकट्या लेकाचा सदरा," ते म्हणाले. "होडीसकट गेला तो. खिसा मीच शिवलेला, वाकडा. दिसला तर ओळखेन."