अकरा खेळ आणि सत्ताविसावा संदेश

मोबाइलमधले खेळ काढून टाकायचे, हे गुंडोरावांनी ठरवलं ते देवाप्पांच्या शोकसभेत. त्याआधी आयुष्यात घाईने ठरलेली त्यांची एकच गोष्ट होती, ती म्हणजे लग्न. आणि तेही त्यांच्या वडिलांनी ठरवलं होतं.

देवाप्पा हे पीण्या या औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यातले त्यांचे फोरमन. सगळी जुनी मंडळी जमली होती. दोन मिनिटं स्तब्ध उभं राहायचं होतं. दीड मिनिट झालं असेल-नसेल, तोच गुंडोरावांच्या शर्टाच्या खिशातून तुतारी वाजली आणि एक बाई खणखणीत हिंदीत ओरडली, "बधाई हो! आप जीत गए!"

पाठोपाठ फटाके वाजले. गुंडोरावांनी घाबरून खिशावर थाप मारली. ती थाप खेळाला फारच पसंत पडली असावी. "वाह! क्या चाल है!" बाई म्हणाली.

देवाप्पांच्या बायकोने मान वर करून पाहिलं. बाहेर चपला घालताना शेजारच्या लेथ-यंत्रावरचा जुना सोबती हळूच म्हणाला, "गुंडू, जिवंतपणी देवाप्पानं तुझं एवढं कौतुक कधी केलं नव्हतं रे."

गुंडोरावांना यावर उत्तर सुचलं. पण ते सुचेपर्यंत सोबती बसमध्ये चढून गेला होता. (त्यांचं बोलणं तसंच होतं. शब्द यायचे, पण बैलगाडीने.)

फोन नवाच होता. त्यांची बायको अहल्या मुलीच्या, सुखदाच्या, बाळंतपणासाठी हुबळीला गेली, तेव्हा जावयाने तो पाठवला होता. राजाजीनगरच्या घरात गुंडोराव एकटे राहिले. चौथीपर्यंत कानडी शाळा आणि पुढे छत्तीस वर्षं लेथ, एवढंच शिक्षण. लिहून पाठवलेलं वाचायला त्यांना वेळ लागे. म्हणून अहल्या बोलून संदेश पाठवी. मोहरीचा डबा कुठला, डाळीला पाणी किती, कुकरच्या शिट्ट्या किती. सव्वा महिन्यात असे त्रेचाळीस संदेश जमले होते, आणि त्या त्रेचाळीस संदेशांवर एक माणूस जेवत होता.

पण त्याच फोनमध्ये, कोणी न मागता, अकरा खेळही आले होते. फळं फोडायचा एक, फुगे फोडायचे दोन, किल्ला राखायचा एक, पत्त्यांचे तीन. बाकीच्यांत काय फोडायचं ते गुंडोरावांना कळलं नव्हतं. ओल्या बोटाने अहल्येचा संदेश लावावा, तर मधेच खेळ उघडे.

"अहो, नीट ऐका हं," अहल्या सांगू लागे, "साराला मीठ घालायचं ते—"

"आपके किले पर हमला हो गया है!" बाई किंचाळे.

"—एवढंच. त्याहून जास्त घातलंत तर खाववणार नाही."

असं सार त्यांनी नऊ वेळा खाल्लं. नऊही वेळा ते खाववलं नाही.

तरी त्यांनी मिठाची तक्रार केली नव्हती. शोकसभेची नामुष्कीही गिळली असती. भीती वेगळीच होती. त्या त्रेचाळीसमधला सत्ताविसावा संदेश स्वयंपाकाचा नव्हता. तो चुकून आला होता. अहल्येचं बोट बटणावर राहिलं असावं. ती बाळाच्या कपड्यांच्या घड्या घालत स्वतःशीच काहीतरी गुणगुणत होती, मधेच "छे, हे झबलं लहान पडतंय" म्हणाली, आणि शेवटी, "अगंबाई, हे चालूच आहे की!" एकूण एकोणीस सेकंद. गुंडोराव रोज सकाळचा चहा झाला की तो ऐकत. त्यात त्यांना कोणी काही करायला सांगत नव्हतं. शेहेचाळीस वर्षांच्या संसारात अहल्येचं असं बोलणं त्यांच्या वाट्याला क्वचितच आलं होतं.

आणि परवा तो ऐकताना त्यांच्या बोटाखाली फुगे फुटू लागले, ते थांबवताना भलतंच काही दाबलं गेलं आणि फोनने विचारलं, हा संदेश पुसू का? त्यांनी फोन तसाच टेबलावर ठेवला आणि त्याचा उजेड मावळेपर्यंत ते त्याच्यापासून चार हात दूर उभे राहिले.

शोकसभेहून आल्यावर ते जिना चढून वरच्या भाडेकरूकडे गेले. आश्लेषा ही पुण्याची मुलगी. आठवड्यातले दोन दिवस ती शहराच्या दुसऱ्या टोकाला एचएसआर लेआउटमधल्या ऑफिसात जाई (म्हणजे दोन तास जायला, दोन तास यायला आणि मधे थोडं काम), बाकीचे दिवस कानात यंत्र घालून घरीच बोलत असे.

"आजोबा, ते कंपनीने आधीच घातलेले असतात," ती हाताने कानातलं यंत्र झाकत म्हणाली. "अनइन्स्टॉल नाही होत. फक्त डिसेबल करता येतात. म्हणजे बंद. शनिवारी करून देते ना, आज ऑफिसच्या कामाची रिलीज आहे माझी."

"ते..." गुंडोराव म्हणाले.

"सॉरी आजोबा, मला बोलावतायत." दार लागलं.

गुंडोरावांना सांगायचं होतं की, ते बंद नकोत, काढायला हवेत. बिघडलेला गिअर नुसता बंद करून ठेवला तरी तो यंत्राच्या पोटातच राहतो आणि एक ना एक दिवस दुसऱ्याचे दात मोडतो, हे पीण्यात शेंबडं पोरही सांगेल. आणि शनिवारला तर चार दिवस होते. चार दिवस सत्ताविसावा संदेश त्या अकरा दांडगटांच्या गर्दीत ठेवायचा?

दुसऱ्या दिवशी ते बस धरून गावातल्याच शिवाजीनगरला गेले. तिथे बाजाराच्या तोंडाशी नागनाथचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान होतं. रुंदी एका माणसाची आणि गिऱ्हाइकं सात.

"एनु अण्णा, काय झालं?" नागनाथने मान वर न करता विचारलं.

गुंडोरावांनी फोन पुढे ठेवला. "यातले खेळ... काढायचे आहेत. मुळापासून."

नागनाथने दोन-तीनदा बोट फिरवलं. "हे असे निघायचे नाहीत अण्णा. फॅक्टरी रीसेट मारू का? फॅक्टरीतून आला तस्साच होतो बघा फोन. एकदम क्लीन."

या सगळ्या प्रकरणात गुंडोरावांना नीट कळलेला हा पहिला शब्द. फॅक्टरी! त्यांचा चेहरा उजळला. फॅक्टरीतून यंत्र कसं येतं हे त्यांना कोणी शिकवायला नको होतं. लाकडी खोक्यात, ग्रीस फासून, नागडं. वर काही नाही, आत काही नाही. पट्टा आपण चढवायचा, हत्यार आपण बसवायचं. फॅक्टरीतून आलेल्या लेथला कोणी फुगे बांधून पाठवल्याचं त्यांच्या छत्तीस वर्षांच्या नोकरीत घडलं नव्हतं.

यंत्र खोलण्याआधी खुणा करायच्या, हा देवाप्पांचा कडक नियम. गुंडोरावांनी नागनाथकडून कागद-पेन्सिल मागून घेतली आणि फोनचं तोंड समोर ठेवून त्यावरचं एकेक चित्र, जागच्या जागी, नंबर घालून रेखाटलं. अहल्येचे संदेश असलेल्या हिरव्या चित्राभोवती दोन गोल काढले. पाठीमागे गिऱ्हाइकं सातांची अकरा झाली.

"स्वल्प लवकर अण्णा! पासपोर्टचा फोटो काढताय काय त्याचा?"

"खूण असली की... परत बसवताना चुकत नाही."

"सरी, सरी, बरं. बॅकअप आहे ना?"

"ते..." गुंडोराव म्हणाले.

गुंडोरावांचं 'ते' म्हणजे वाक्याची सुरुवात असे. घाईतल्या माणसांना तो वाक्याचा शेवट वाटे. पुढचं वाक्य 'ते काय असतं?' असं होतं. ते ओठांशी येईपर्यंत नागनाथने चार ठिकाणी बोट टेकवलं होतं आणि फोन काळा पडला होता.

पाच मिनिटांनी तो उजळला. गुंडोरावांनी चष्मा पुसून पाहिलं. पहिल्या रांगेत फळं होती. तिच्याखाली किल्ला. मग फुगे, आणि पुन्हा फुगे. अकराच्या अकरा, कामाच्या पहिल्या दिवशी नव्या पोरांनी गेटवर उभं राहावं तसे, अंघोळ करून, ओळीत.

"हे तर..." गुंडोराव म्हणाले.

"फॅक्टरीवालेच घालून पाठवतात ना अण्णा हे!" नागनाथने दुसऱ्याचा फोन उघडलाही होता. "फॅक्टरीतून आला तसा झाला की नाही?"

झाला होता. तक्रारीला जागाच नव्हती. गुंडोरावांनी कागद उलगडून चित्रांशी ताडून पाहिलं. नंबर एक ते अकरा जागेवर होते. दोन गोलांतलं हिरवं चित्र तेवढं नव्हतं.

बसमध्ये त्यांना खिडकीची जागा मिळाली. मॅजेस्टिकच्या बसस्टँडपर्यंत त्यांनी फोन दोन्ही हातांत धरून ठेवला होता, आतलं काही सांडू नये तसा.

त्या दिवशी त्यांनी आश्लेषाचं दार काम चालू असतानाच पुन्हा वाजवलं. त्यांचा चेहरा पाहून तिने कानातलं यंत्र काढूनच ठेवलं. हिरवं चित्र तिने परत आणलं. फोनवर आलेला ओटीपीचा नंबर घातला, उघडलं. आत शुकशुकाट.

"आजोबा, बॅकअप ठेवलेला नव्हता कुठे."

"तळाशी बघ," गुंडोराव म्हणाले. "यंत्र कितीही पुसलं तरी तळाशी... थोडं तेल राहतं."

आश्लेषाने खरंच पुन्हा पाहिलं. मग मान हलवली. "यात नाही राहत हो आजोबा."

ते उठून जाऊ लागले, तेव्हा तिने फोन मागून घेतला आणि दोन मिनिटांत अकराही खेळ बंद करून दिले. "आता नाही बोलणार हे," ती म्हणाली. गुंडोरावांनी मान डोलावली. बोलायला आता राहिलं होतं कोण?

खाली येऊन ते स्वयंपाकघरात उभे राहिले. मोहरीचा डबा त्यांना आता पाठ होता, कुकरच्या शिट्ट्याही. उपाशी राहण्याची भीती नव्हती. पण तो चहाच्या कपाशेजारचा आवाज गेला होता, आणि तो गेला हे सांगायचं तर आधी तो रोज ऐकत होतो हे सांगावं लागणार होतं. शेहेचाळीस वर्षांत त्यांनी अहल्येला असलं काही सांगितलं नव्हतं. एकदा सांगायला घेतलं होतं, सुखदाच्या जन्माच्या वेळी. पण तेवढ्यात दूध उतू गेलं.

शेवटी त्यांनी फोन लावला.

"अगं... फोन पुसला गेला."

"फडक्यानं?"

"नाही. आतून. तुझे संदेश... सगळे गेले."

"एवढंच ना? अहो, मी पाठवलेले माझ्याकडे आहेत की! परत पाठवते सगळे." मग तिने विचारलं, "आवाज असा का येतोय तुमचा? सर्दी झाली का?"

"छे. कांदा चिरतोय."

"बरं," अहल्या म्हणाली.

संदेश येऊ लागले. टिंग, टिंग, टिंग. गुंडोराव भिंतीला टेकून खाली बसले आणि बोटांवर मोजू लागले. मोहरी आली, डाळ आली, सार आलं (मीठ दोन चिमटी होतं, त्यांनी नऊ वेळा दोन चमचे घातलं होतं). सव्विसावा आला. पुढचा ताकाच्या कढीचा. पुन्हा मोजले. बेचाळीस. अहल्या संसारी बाई. निवडताना खडा बाजूला टाकावा तसा तो निरुपयोगी एकोणीस सेकंदांचा संदेश तिने वगळला होता.

आता तो मागायचा कसा? 'ज्यात तू काहीच सांगत नाहीस तो पाठव' असं म्हणायचं? गुंडोरावांनी 'ते' एवढं मनात जुळवलं, आणि पुढचा शब्द शोधत तसेच बसले.

तेवढ्यात टिंग झालं. त्रेचाळिसावा! त्यांनी तो लावला. खेळांतलं कोणी मधे आलं नाही.

संदेश त्यांच्यासाठी नव्हता. अहल्येने आपल्या म्हैसूरच्या बहिणीला पाठवायचा तो, सत्ताविसाव्यासारखाच, चुकून नवऱ्याकडे आला होता.

"श्यामलाक्का, ऐक गं गंमत," अहल्या हसत सांगत होती. "आमच्या ह्यांनी फोन पुसून ठेवला आणि आता रडतायत. मला म्हणे कांदा चिरतोय! अगं, चातुर्मास चाललाय, आमच्या घरात कांदा आहे कुठे? रडतोय म्हणायचं की सरळ. पण नकोच, ते एवढं वाक्य म्हणेपर्यंत माझी डाळ करपायची."