हणमंतरावांची वाटणी

हणमंतराव सख्ख्या थोरल्या भावाचं नाव घेत नसत. ते त्याला ‘प्रतिवादी नंबर एक’ म्हणत. कोर्टात म्हटलं तर समजू शकतो, पण जेवताना, दाढी करतानाही तेच. “प्रतिवादी नंबर एकला गोड लई आवडायचं,” असं ते पुरणपोळी खाता खाता सांगत.

बाळेपेटेत आमची घरं भिंतीला भिंत लागून. एकोणीसशे पन्नासच्या सुमारास त्यांचे वडील वारले आणि राहतं घर नि देवनहळ्ळीची पपनसाची बाग यांवरून दोघा भावांचं बिनसलं. थोरले तणतणत आनेकलला सासुरवाडीत जाऊन राहिले. हणमंतरावांनी वाटणीचा दावा लावला. तेव्हा मी शाळेत होतो. दाव्याचा निकाल लागला तेव्हा मला दोन मुलं होती.

एवढ्या वर्षांत कोर्टाची भाषा त्यांच्या घरात बिऱ्हाड करून राहिली. आमटी अळणी झाली की ते बायकोला म्हणत, “हे रेकॉर्डवर घ्या.” इंदिराक्का शांतपणे म्हणत, “घेतलं. आमटीला उद्याची तारीख दिलीय.”

तारखेच्या दिवशी मात्र हणमंतराव नवरदेवासारखे नटत. इस्त्रीचा कोट, जरीची टोपी. सख्खं असं दोघांना दुसरं कुणी नव्हतं आणि भेट व्हायची ती कोर्टाच्या व्हरांड्यातच, तीही न बोलता. निकाल लागून वाटणीचा हुकूम झाला, तेव्हा मी पेढे मागायला गेलो, तर गृहस्थ आजारी असल्यासारखा बसलेला. “आता तारखा संपल्या की हो,” एवढंच म्हणाले.

कोर्टाने नेमलेले कमिशनर साहेब वाटणी करायला आले. पंच म्हणून मला बसवलं होतं. हणमंतरावांनी प्रत्येक वस्तूवर हरकत घेतली. खलबत्ता, चाळण, एक पायरी मोडलेली शिडी. पाट सात निघाले, तेव्हा तासभर वाद. अख्खी बाग आपण याहून लवकर वाटली, असं साहेब कपाळ पुसत म्हणाले.

शेवटी देवांचा डबा उरला. थोरले सकाळपासून उंबऱ्यातच उभे होते. म्हणाले, “देव त्यालाच ऱ्हाऊ देत. मी काय परत हितं येणार नाही.”

हणमंतरावांचा वकील खूश झाला. पण हणमंतराव, ज्यांना मी जन्मात देवाला फूल वाहताना पाहिलं नव्हतं, ते ताडकन उठले. “हरकत हाय! पूजा पाळीनं व्हायला पाहिजे. एक महिना माझ्याकडं, एक महिना त्याच्याकडं. आणि देव थोरल्यानं सोताच्या हातानं न्यायचे, आणायचे.”

साहेब म्हणाले, लोक सहा-सहा महिन्यांची पाळी ठेवतात, दर महिन्याला कशाला हेलपाटा?

“सहा महिने लई होतात हो साहेब,” हणमंतराव म्हणाले. “तोवर माणूस नजरेला पडायचा नाही.”

मला समोर बघवेना. थोरल्यांनी चपला काढल्या आणि आत येऊन भिंतीला टेकून बसले. कुणाकडेच न बघता म्हणाले, “आनेकलची बस स्वल्प उशिरा पोचती. मी येईतोवर जेवायची वेळ होणार.”

हणमंतराव घाईघाईने साहेबांकडे वळले.

“हे बी लिवून घ्या साहेब. देव आणणारा जेवूनच जाणार.”