शून्यकुंभ आणि खाप्याचा राक्षस

मेरुखंडाच्या नऊशे वर्षांच्या इतिहासात शून्यकुंभ एकदाच उसना दिला गेला. तो दिला प्रताप नगरातल्या यमुताईंनी, तुरीच्या शेंगा सोलता सोलता.

मेरुखंड नकाशात शोधू नका. ते यमुताईंच्या सुनेच्या, नूपुरच्या कॉम्प्युटरवर आहे. तिथले डोंगर निळे, घोड्यांना पंख, आणि हा कुंभ एका आंधळ्या कुंभारानं घडवलेला. तो रिकामा असला की शत्रूनं सोडलेला प्रत्येक मंत्र त्यात पडून नाहीसा होतो. आत दाणा जरी पडला, तरी ते नुसतं मडकं. नूपुर आणि तिच्या चाळीस सोबत्यांनी चौदा महिने खपून तो मिळवला होता. त्या रविवारी पाच वाजता रक्तदंत राक्षसाची फौज त्यांच्या नीलगडावर येणार होती. कुंभ गेला तर गड गेला, आणि गडाबरोबर चौदा महिने.

साडेतीनला नूपुरचा हेडफोन बंद पडला. तसाच दुसरा शहराच्या पार दुसऱ्या टोकाला, जरीपटक्यातल्या एका दुकानात होता.

"आई, मी येतपर्यंत इथं बसता का? दर पाच मिनिटांनी ही लांब कळ दाबायची, नाहीतर गेम मले बाहेर काढते. बाकी कशाले हात लावू नका."

"तू जाय वं. अख्खं घर सांभाळलं मी, एक कळ नाही सांभाळत का?"

पावणेचारला पडद्यावर धूर झाला आणि सात डोक्यांचा रक्तदंत राक्षस उभा राहिला. स्पीकरमधून आवाज घुमला, "कुंभ दे, नाहीतर गडाची राख करून टाकीन."

कॉम्प्युटरचा माइक चालूच होता. यमुताईंनी चष्मा पुसला. "हे काय बोलणं झालं? मागायची काही रीत असते. कोण गा तू? गाव कोणतं?"

सातही डोकी जराशी गोंधळली. "खापा."

यमुताईंच्या हातातली शेंग हातातच राहिली. खापा म्हणजे त्यांचं माहेर. "खाप्यात कोणाचा?"

"रुपराव मास्तरांचा. ऋषी."

"म्हणजे भाचा झाला ना गा तू माझा. तुझ्या बापाले राखी बांधते मी, यमुआत्या. आवाज काहून असा काढून राहिला? सर्दी झाली का?"

"नाही आत्या," राक्षस साध्या आवाजात म्हणाला. "लढाईसाठी काढा लागते. कुंभ जरासा पाहाले द्या ना. दहा मिनिटांत आणून देतो."

माहेरचं माणूस दारात येऊन भांडं मागतंय, त्याला नाही कसं म्हणायचं? कोणती कळ दाबायची ते यमुताईंनी त्यालाच विचारलं, आणि दाबली.

तेवढ्यात नूपुरचा फोन आला. "आई, कुंभ नीट आहे नं?"

"घरच्याच माणसाकडे आहे," यमुताई म्हणाल्या. त्यांच्या हिशेबानं यात खोटं काहीच नव्हतं.

राक्षस शब्दाचा पक्का निघाला. घड्याळ लावल्यासारखा दहा मिनिटांत परत आला. "घ्या आत्या. रिकामं भांडं वापस देऊ नये म्हणते आई, म्हणून त्यात अडीचशे अमृतकंद टाकले."

"गुणाचं लेकरू," यमुताई म्हणाल्या आणि पुन्हा शेंगांकडे वळल्या.

साडेचारला नूपुर आली, तेव्हा पडद्यावर शून्यकुंभाच्या नावाखाली एकच शब्द होता: भरलेला. ती सावकाश खुर्चीत बसली.

"आई, हा नऊशे वर्षं रिकामा होता."

"पाह्य बरं. इतक्या वर्षांत कोणाले सुचलं नाही."

मग नूपुरनं सगळं समजावून सांगितलं. कंद फेकता येत नाहीत. ज्यानं टाकले त्यानं परत घेतले नाहीत, तर खावेच लागतात, तेही एकेक करून. आणि खाणाऱ्याला तोवर शस्त्र उचलता येत नाही. "त्यानं मुद्दाम केलं, आई. राक्षसच तो."

"खाप्याचं पोरगं असं नाही करत."

नूपुरनं नवा हेडफोन न उघडताच बाजूला ठेवला. तिनं वाद घातला असता तर यमुताईंनी उत्तर दिलं असतं. या घरात आल्यापासून त्यांच्या माहेराला कोणी नाव ठेवलं नव्हतं, आणि आज सुनेनंही ठेवलं नाही; तेव्हा खरंखोटं त्यांनाच पाहावं लागणार होतं. यमुताईंनी फोन उचलला.

"दादा, तुमचा ऋषी घरी आहे काय?"

"वरच्या खोलीत हाये. अभ्यास करून राहिला."

"त्याचा अभ्यास इथं दिसून राहिला मले," म्हणत यमुताईंनी सगळी हकीकत सांगितली. रुपराव मास्तरांनी चौतीस वर्षं गणित शिकवलेलं. त्यांना मेरुखंड कळलं नाही, मंत्र कळले नाहीत. बहिणीचं भांडं आपल्या पोरानं बिघडवलं, एवढं मात्र नेमकं कळलं.

पाच वाजले. नगारे झाले. तीनशे राक्षसांपुढे रक्तदंतानं तलवार उगारली आणि स्पीकरमधून दार करकरल्याचा आवाज आला.

"ऋष्या."

तलवार वरच राहिली.

"आत्याचं भांडं तू भरून देल्लं?"

"हो बाबा. आईच म्हणते ना, रिकामं..."

"आई म्हणते म्हणून देल्लं, का लढाई जिंकाले देल्लं?"

सात डोकी सात दिशांना पाहू लागली. "दोन्हीसाठी, बाबा."

"मंग आता घे वापस, अन् खाय."

"अडीचशे आहेत, बाबा."

"मी मोजतो."

राक्षसानं कुंभातले कंद परत घेतले आणि तो गडाच्या दारात मांडी घालून बसला. एका कंदाला पंधरा सेकंद लागत होते, आणि लढाईची मुदत होती एक तास. सेनापतीच्या हुकमाशिवाय फौजेला हलता येईना. थोडा वेळ सगळे भाले रोखून उभे राहिले, मग भाले भिंतीला टेकवले, मग दोघं चहा प्यायला गेले. सहाच्या ठोक्याला मास्तर म्हणाले, "दोनशे चाळीस," आणि पडद्यावर अक्षरं उमटली: वेळ संपली, नीलगड नूपुरकडे.

"सुटलो," ऋषी म्हणाला.

"दहा राहिले," मास्तर म्हणाले.

नूपुरनं त्या दिवशी सासूबाईंना स्वतः चहा करून दिला.

रक्तदंताच्या फौजेनं मात्र त्याच आठवड्यात बैठक घेतली, ऋषीला काढलं आणि मागून मोजणारे जे गृहस्थ होते त्यांनाच सेनापती व्हायची विनंती केली. मास्तर रिकामेच होते. त्यांनी तीनशे राक्षसांची सकाळी सातला हजेरी सुरू केली आणि उशिरा येणाऱ्यांना पाढे लावले.

तिसऱ्या रविवारी नीलगड अठरा मिनिटांत पडला. कुंभ नूपुरच्याच हातात होता, अगदी रिकामा. पण मास्तरांनी मंत्र सोडलाच नाही. त्यांनी भिंतीची उंची काढली, तेवढी शिडी करवून घेतली, आणि सगळे रांगेनं वर आले.

नूपुर पडद्याकडे बघत राहिली. यमुताई मागं उभ्या होत्या, चेहरा शक्य तितका पाडून.

"वाईट झालं वं," त्या म्हणाल्या, आणि स्वयंपाकघराकडे जाता जाता हळूच पुढचं निघून गेलं, "दादा पहिल्यापासूनच हुशार हाये आमचा."