दिवा लावताना हात धरणे

नाईकवाड्यांच्या हॉलमधला दिवा लागला की त्यांच्या घरच्या आत्याबाई पलीकडच्या मितीत जात आणि पलीकडच्या आत्याबाई इकडे येत. गडहिंग्लजच्या शिक्षक कॉलनीत हे कितीतरी दिवस कुणालाच माहीत नव्हतं, आणि शालन चौगुलेला नेमकं तेच फार लागलं. समोरच्या घरात कुकरच्या शिट्ट्या किती झाल्या तेसुद्धा तिला ठाऊक असायचं. तिथं अख्खं माणूस रोज बदलतंय आणि आपल्याला पत्ता नाही, म्हणजे काय?

सांगितलं ते प्रकाशवाहतूक खात्याच्या कुरणे साहेबांनी. दिवा त्यांच्याच खात्याचा, चाचणीसाठी फुकट बसवलेला. पलीकडे अगदी अशीच कॉलनी, असंच घर, असाच दिवा. दिवा लागताना जो दोन्ही हात जोडेल, तो त्या उजेडाबरोबर पलीकडे जातो.

"पण दिवा लागला की हात जोडायचेच असतात," मंदा नाईकवाडे म्हणाली. आत्याबाई म्हणजे तिच्या सासूबाई.

"ते खात्याच्या लक्षात आलं नाही," कुरणे म्हणाले. "नियमानुसार हात जोडणे म्हणजे प्रवासाला संमती. मावशींनी रोज तिन्हीसांजेला संमती दिलेली आहे. पलीकडच्या मावशींनीही."

"मग तू कशी गेली नाहीस गं?" शालनने मंदाला विचारलं.

"बटण कोण दाबतंय? माझा हात मोकळा असतोय कुठं, वहिनी?"

कुरण्यांनी चहा संपवला आणि चाचणीही संपल्याचं सांगितलं. उद्या सकाळी दोन्हीकडचे दिवे काढून नेणार. आज दिवा लागल्यावर ज्या मावशी जिथं असतील, तिथंच त्या कायमच्या.

"अदलाबदल थांबवायची असेल तर दिवा लागताना त्यांचे हात धरून ठेवा," जाता जाता ते म्हणाले. "नको असेल तर धरू नका. खात्याचा काही आग्रह नाही."

मंदाचा नवरा वारल्यापासून त्या घरात दोघीच होत्या. तिकडेही दोघीच. आता इकडे बसलेल्या आत्याबाई आपल्या असतील तर हात धरायचे, पलीकडच्या असतील तर सोडायचे. एवढंच ठरवायचं होतं, आणि मंदाला तेच सुचेना.

आत्याबाई दिवाणावर मेथी निवडत होत्या.

"आत्याबाई, तुम्ही कुठल्या?"

"नेसरीची की मी."

"तसं नव्हे. इकडच्या का तिकडच्या?"

"मला काय कळतंय? डोळे मिटून हात जोडते, डोळे उघडते तर तू उभी. मग चहा टाकतेस. दोन्हीकडं तूच आहेस."

शालनने कानामागचा तीळ बघितला. तीळ होता. पण तो तिकडच्या आत्याबाईंनाही असणार, हे तिच्या नंतर ध्यानात आलं.

"हात बघ," ती मंदाला म्हणाली. "घरच्या माणसाचे हात ओळखू येतात."

मंदाने आत्याबाईंचे दोन्ही हात हातात घेतले. उलटे करून पाहिले, सुलटे करून पाहिले. नखांत मेथीचा हिरवा रंग होता.

"वहिनी," ती खालच्या आवाजात म्हणाली, "लग्न होऊन आल्यापासनं मी यांच्या पाया पडत आलेय. हात कधी धरलेच नाहीत."

 शालनने खिडकीतून बाहेर उजेड किती उरलाय ते बघितलं. मग म्हणाली, "आपण धरले आणि तिकडच्या मंदानं सोडले तर?"

"दोघी इकडं येणार. ती एकटी पडणार."

"आणि आपण सोडले, तिनं धरले तर?"



अंधारून आलं. शालन बटणापाशी उभी राहिली. मंदा आत्याबाईंसमोर बसली होती आणि हात अजून तिच्या हातातच होते.

"धरू का सोडू?" तिने आत्याबाईंनाच विचारलं.

"मला विचारत बसलीस तर दिवेलागण टळून जाईल. लाव गं शालन."

शालनने बटण दाबलं. मंदाने हात सोडले नाहीत.

दिवाणाच्या दुसऱ्या टोकाला आणखी एक आत्याबाई हात जोडून बसल्या होत्या. त्यांनी डोळे उघडले, आधी मंदाकडे पाहिलं, मग शेजारी.

"सोडलं तिनं मला," त्या म्हणाल्या. "म्हणाली, तुम्ही तिकडच्या वाटता, तिकडं कुणीतरी वाट बघत असेल. रडत होती."

"आता ती एकटीच की," मंदा म्हणाली.

"मी जाते," पहिल्या आत्याबाई म्हणाल्या.

"तुम्ही कशाला?" दुसऱ्या म्हणाल्या. "मी जाते. हे घर तुमचं."

"कशावरनं?"

"मग माझं आहे का?"

"तसं मी म्हटलं का?"

शालनने दिवा बंद केला, कारण कुणीही जायचं म्हटलं तरी तो पुन्हा लावावा लागणार होता. अंधारात बांगड्या वाजल्या. मंदा दोघींच्या मधे जाऊन बसली.

"लावा, वहिनी."

"अगं पण जाणार कोण?"

"कुणी नाही. एकेक हात धरलाय मी दोघींचा."

"आणि तिकडचीचं काय?"

"ती मंदाच आहे ना?" मंदा म्हणाली. "मग ती बसून राहणार नाही. लावा."

दिवा लागला. दाराजवळ पायपुसण्यावर दुसरी मंदा उभी होती. डोळे लाल, हात जोडलेले, उजवं कोपर जरा वर. तिकडं दुसरं कुणी उरलं नव्हतं, म्हणून तिने बटण कोपराने दाबलं होतं.

"आमच्या आत्याबाई आल्यात का इकडं?" तिने विचारलं.

"आल्यात."

"यातल्या कुठल्या?"

"ते काय कळत नाही," मंदा म्हणाली. "ये, बस. हात धर."

सकाळी कुरणे शिडी घेऊन आले. एक मंदा पोळ्या लाटत होती, दुसरी भाजत होती, आणि दिवाणावर दोन्ही आत्याबाई एकमेकींना माहेरचं सांगत होत्या. दोघींचं एकाच वेळी सांगून संपत होतं. कुरण्यांनी दिवा काढला, वायरीची टोकं टेपने बंद केली.

"पलीकडच्या घराला तिकडच्या शेजारणीनं कुलूप लावल्याचं कळलंय," ते म्हणाले. "इकडे माणसं किती धरायची?"

"चार," दारातून शालन म्हणाली. "आणि मी. येऊन-जाऊन."